नाशिकचे बिनविरोध खासदार आणि २३ दिवसांचं सरकार

मित्रांनो, मागच्या सेमिस्टरला आपल्या होस्टेलचं सरकार पडलं हे तुम्हाला आठवत असेलच. सरकार म्हणजे मेस कमिटी! आणि ते पाडणारे दुसरे-तिसरे कुणी नसून अस्मादिकच होते. त्यामुळे या लेखाची सुरुवात कबुलीजबाबानेच करतो.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. कमिटीच्या ७ जागा. निवडणुकीत फायनल इयरच्या पॅनेलला ३, आमच्या पॅनेलला २ आणि सेकंड इयरवाल्यांना २. कुणालाच बहुमत नाही. फायनल इयरने सेकंड इयरला बरोबर घेतलं आणि त्यांचा सेक्रेटरी झाला. दोन महिन्यांत आमटी पातळ झाली, रविवारची फिस्ट दोनदा रद्द झाली, आणि मी अविश्वासाचा ठराव आणला. खरं सांगतो, ठराव पास होईल असं मलाही वाटलं नव्हतं. पण सेकंड इयरवाले फुटले. ४ विरुद्ध ३. सरकार पडलं. रात्री आम्ही टेरेसवर नाचलो.

सकाळी प्रश्न पडला, आता सेक्रेटरी कोण? आम्हा चौघांत तीन उमेदवार निघाले! किराण्याचा हिशोब कुणाकडे यावर दोन दिवस गेले, त्यात एक जण रुसून गावाला गेला. मेस नऊ दिवस बंद. पहिल्या दिवशी मिसळ खाताना मजा वाटली, पाचव्या दिवशी पाकीट आणि पोट दोन्ही बोंबलायला लागलं. शेवटी रेक्टर सरांनी मेस ताब्यात घेतली आणि टर्म संपेपर्यंत स्वतः चालवली.

मी मूळचा कराडकडचा. घरी फोन करून आबांना हे सगळं सांगितलं. आबा आधी पोटभर हसले, मग एकदम गप्प झाले. थोड्या वेळाने एवढंच म्हणाले की, १९७९ साली साहेबांचंही असंच झालं होतं, तू ते वाच. आणि फोन ठेवून दिला.

आमच्याकडे साहेब म्हणजे एकच, यशवंतराव चव्हाण. आमच्या घरात देवांच्या तसबिरींशेजारी त्यांचा फोटो आहे. संयुक्त महाराष्ट्राचा कलश, प्रीतिसंगम, सगळं लहानपणापासून ऐकलेलं. पण १९७९ बद्दल आबा कधी बोलले नव्हते. म्हणून लायब्ररीत जाऊन शोधायला बसलो. जे सापडलं ते तुमच्यापुढे ठेवतोय.

यशवंतरावांचा जन्म १२ मार्च १९१३ चा, देवराष्ट्रे गावचा. आज हे गाव सांगली जिल्ह्यात येतं. ते त्यांचं आजोळ. वडील लहानपणीच गेले. आई विठाबाई, शिकलेल्या नव्हत्या, पण मुलांनी शिकावं यासाठी त्या माउलीने हाडाची काडं केली. शाळा कराडच्या टिळक हायस्कुलात. वयाच्या विशीच्या आतच स्वातंत्र्याच्या चळवळीत उडी घेतली. १९३२ मध्ये दीड वर्षाची शिक्षा झाली. तुरुंगात मोठमोठ्या कार्यकर्त्यांचा सहवास लाभला आणि वाचनाचं वेड लागलं ते कायमचं. मॅट्रिकच्या वयात तुरुंग, त्यामुळे शिक्षण रखडलं. पण सोडलं नाही. १९३८ मध्ये बी.ए. आणि १९४१ मध्ये एलएल.बी. झाले. (एक के.टी. लागली की डिग्री सोडायची भाषा करणाऱ्या माझ्या रूम पार्टनरने हे वाक्य पुन्हा वाचावं!)

२ जून १९४२ ला फलटणच्या वेणुताईंशी लग्न झालं आणि दोनच महिन्यांत चले जाव चळवळ सुरू झाली. नवरा भूमिगत, तर पोलिसांनी बायकोला तुरुंगात टाकलं. संसाराची सुरुवात ही अशी. १९४६ मध्ये ते आमदार झाले आणि दहाच वर्षांनी, १ नोव्हेंबर १९५६ ला, द्विभाषिक मुंबई राज्याचे मुख्यमंत्री. वय वर्षं ४३.

इथे एक गोष्ट मला नव्याने कळली. आपण समजतो की साहेब म्हणजे सदैव लोकप्रिय. पण त्या काळात पश्चिम महाराष्ट्र त्यांच्यावर भयंकर चिडलेला होता. लोकांना मुंबईसह मराठी राज्य हवं होतं, आणि यशवंतरावांनी मात्र नेहरूंची बाजू घेतली होती. महाराष्ट्रापेक्षा नेहरू मोठे अशा अर्थाचं त्यांचं बोलणं लोकांना फार झोंबलं. १९५७ च्या निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसचा धुव्वा उडाला. खुद्द यशवंतराव कराडमधून अगदी थोडक्या मतांनी वाचले. राज्यात सरकार आलं ते गुजरात, विदर्भ आणि मराठवाड्यातल्या आमदारांच्या जोरावर. म्हणजे ज्या मुलखाचा हा माणूस, त्याच मुलखाचं बहुमत त्याच्यामागे नव्हतं!

तरी त्यांनी काय केलं? विरोधकांशी बोलणं तोडलं नाही. शिव्या ऐकून घेतल्या. आणि द्विभाषिक राज्य चालणार नाही हे दिल्लीला हळूहळू पटवून दिलं. १ मे १९६० ला महाराष्ट्र राज्य झालं आणि पहिले मुख्यमंत्री तेच झाले. पुढच्या अडीच वर्षांत त्यांनी उभ्या केलेल्या गोष्टींवर आपण आजही जगतोय. १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा सुरू झाल्या. १९६२ सालीच एम.आय.डी.सी. स्थापन झाली. सातपूर आणि अंबडला आपण ज्या इंडस्ट्रियल व्हिजिटला जातो, ट्रेनिंगसाठी ज्या कंपन्यांच्या गेटवर उभे राहतो, त्या वसाहती याच महामंडळाच्या. गरिबांच्या मुलांना फी माफ करणारी इ.बी.सी. सवलतही त्यांच्याच काळातली. आपल्यापैकी कितीतरी जणांचे वडील तिच्या आधाराने शिकले असतील.

आता नाशिकचा संबंध. १९६२ च्या ऑक्टोबरात चीनने आक्रमण केलं, आपला पराभव झाला आणि कृष्ण मेनन यांना संरक्षणमंत्रिपद सोडावं लागलं. नेहरूंनी यशवंतरावांना दिल्लीला बोलावलं. सह्याद्री हिमालयाच्या मदतीला गेल्याची जी गोष्ट आपण शाळेपासून ऐकतो ती हीच. केंद्रात मंत्री व्हायचं तर संसदेत निवडून यायला हवं. १९६३ मध्ये नाशिक लोकसभा मतदारसंघात पोटनिवडणूक लागली, यशवंतरावांनी अर्ज भरला आणि त्यांच्याविरुद्ध कुणीच उभं राहिलं नाही. बिनविरोध! देश संकटात असताना संरक्षणमंत्र्याला प्रचारात अडकवायचं नाही, हे नाशिककरांनी ठरवलं. मतदान नाही, मोजणी नाही, बहुमताचा प्रश्नच नाही. नाशिकने एका कराडकराला असं हातावर उचलून दिल्लीला पाठवलं. मी नाशिकला शिकायला आलो तेव्हा मला हे माहीत नव्हतं. नाहीतर रॅगिंगच्या वेळी सीनिअर्सना सुनावलं असतं!

ते संरक्षणमंत्री असतानाच १९६४ मध्ये ओझरला मिग विमानांचा कारखाना आला. रशियन परवान्याखाली मिग-२१ इथे बनायला लागलं. सांगाडा ओझरला, इंजिन ओडिशात कोरापुटला आणि इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला, अशी ती विभागणी. मेकॅनिकलवाल्यांना सांगायला नको की विमानाच्या कारखान्याभोवती किती लहान-मोठे वर्कशॉप, किती टूलरूम, किती फिटर-टर्नर उभे राहतात. मिग-२१ सप्टेंबर २०२५ मध्ये हवाई दलातून निवृत्त झालं, पण ओझरचा कारखाना चालूच आहे. १९६५ च्या युद्धात छांबमध्ये पाकिस्तानी रणगाडे घुसले तेव्हा हवाई दल वापरायला परवानगी देणारे संरक्षणमंत्री हेच. म्हणजे पटकन निर्णय त्यांना घेता येत नव्हते असं अजिबात नाही. हे मुद्दाम लिहितोय, कारण पुढे त्यांच्यावर कुंपणावर बसण्याचा शिक्का बसला.

तो शिक्का बसायला सुरुवात झाली १९६९ पासून. १९६६ च्या नोव्हेंबरपासून ते गृहमंत्री होते. राष्ट्रपतिपदाच्या उमेदवारीवरून काँग्रेसमध्ये दोन तट पडले. जुन्या नेत्यांना नीलम संजीव रेड्डी हवे होते, इंदिरा गांधींना ते नको होते. पक्षाच्या संसदीय मंडळात यशवंतरावांनी रेड्डींच्या बाजूने मत दिलं. पण पुढे पक्ष फुटायची वेळ आली तेव्हा ते इंदिराजींबरोबर राहिले. दोन्ही बाजूंच्या लोकांना वाटलं की हा गडी आपला नाही.

नोव्हेंबर १९६९ मध्ये काँग्रेस फुटली आणि लोकसभेत सरकारचं बहुमत गेलं. ५२० च्या घरातल्या सभागृहात इंदिराजींकडे साधारण २२० खासदार उरले. डावे पक्ष, द्रमुक आणि अपक्ष यांच्या पाठिंब्यावर सरकार वर्षभर चाललं. अशा सभागृहात एकेका मताची किंमत काय असते हे यशवंतरावांनी तेव्हाच पाहिलं. संस्थानिकांचे तनखे बंद करण्यासाठी घटनादुरुस्तीचं विधेयक आलं, तेव्हा ते अर्थमंत्री होते. २ सप्टेंबर १९७० ला लोकसभेत ते ३३२ विरुद्ध १५४ मतांनी पास झालं. तीन दिवसांनी राज्यसभेत मतं पडली १४९ विरुद्ध ७५. दोन तृतीयांश हवे होते. कॅल्क्युलेटर काढा. एकूण २२४, त्याचे दोन तृतीयांश १४९.३३. म्हणजे एका पूर्ण मताने नाही, एक तृतीयांश मताने विधेयक पडलं! राउंड ऑफ करायची सोय तिथे नसते. वर्षअखेर इंदिराजींनी लोकसभाच बरखास्त करून घेतली आणि १९७१ ला प्रचंड बहुमत आणलं.

त्यानंतर यशवंतराव आधी अर्थमंत्री आणि १९७४ पासून परराष्ट्रमंत्री होते. १९७५ ला आणीबाणी आली. तेव्हाही ते मंत्रिमंडळातच राहिले. ही त्यांच्या आयुष्यातली न पुसता येणारी गोष्ट आहे आणि फोटो घरात आहे म्हणून ती लपवणं मला बरोबर वाटत नाही. ब्रिटिशांच्या तुरुंगात तारुण्य घालवलेला माणूस, देशातले विरोधी नेते तुरुंगात असताना मंत्री होता.

१९७७ ला जनता पक्ष निवडून आला, मोरारजी देसाई पंतप्रधान झाले आणि यशवंतराव लोकसभेत विरोधी पक्षनेते. १९७८ च्या जानेवारीत काँग्रेस पुन्हा फुटली. या वेळी ते इंदिराजींबरोबर गेले नाहीत. त्याच वर्षी महाराष्ट्राच्या विधानसभेतही कुणाला बहुमत मिळालं नाही. २८८ पैकी जनता पक्ष ९९, यशवंतरावांची काँग्रेस ६९ आणि इंदिरा काँग्रेस ६२. दोन्ही काँग्रेसनी मिळून वसंतदादा पाटलांचं सरकार आणलं आणि ते चारेक महिन्यांत पडलं. १८ जुलै १९७८ ला शरद पवार मुख्यमंत्री झाले. पवार यशवंतरावांचे शिष्य मानले जात, त्यामुळे बोटं गुरूकडेही वळली.

आणि मग येतं १९७९. आबा ज्याबद्दल बोलत नव्हते ते साल.

जनता पक्षात भांडणं शिगेला पोचली होती. चरणसिंग आणि राजनारायण यांचा गट मोरारजींवर नाराज होता. ११ जुलैला यशवंतरावांनी लोकसभेत मोरारजी सरकारवर अविश्वासाचा ठराव मांडला. विरोधी पक्षनेत्याने ठराव मांडणं हे त्याचं कामच. सरकार पडेल असं त्या दिवशी फारच थोड्यांना वाटत होतं. पण ठराव म्हणजे भिंतीतल्या भेगेत मारलेली पाचर झाली. रोज खासदार जनता पक्ष सोडायला लागले. जॉर्ज फर्नांडिस यांनी सभागृहात सरकारची जोरदार बाजू मांडली आणि काही दिवसांतच स्वतः बाहेर पडले! पक्षांतरबंदीचा कायदा तेव्हा नव्हता. तो आला १९८५ ला. त्यामुळे कोण सकाळी कुठे आणि संध्याकाळी कुठे याचा पत्ता नसायचा. १५ जुलैला मोरारजींनी राजीनामा दिला. ठरावावर मतदान झालंच नाही. मतं न मोजताच सरकार गेलं.

आता काव्यगत न्याय बघा. त्या वेळचे राष्ट्रपती कोण? तेच नीलम संजीव रेड्डी, ज्यांच्यासाठी दहा वर्षांपूर्वी यशवंतरावांनी मत दिलं होतं. १८ जुलैला त्यांनी यशवंतरावांना सरकार स्थापन करता येईल का ते बघायला सांगितलं. ज्याने ठराव आणला त्याला पहिली संधी.

देवराष्ट्र्याच्या त्या पोरक्या पोरासमोर पंतप्रधानपदाची खुर्ची होती. मराठी माणूस आजवर त्या खुर्चीवर बसलेला नाही. हातात चार दिवस. आणि हिशोब काय होता? स्वतःच्या पक्षाचे ७५ च्या आसपास खासदार. निम्म्याचा आकडा २७० च्या पुढे. म्हणजे दोनशेच्या वर माणसं बाहेरून आणायची. आणायची कुठून? जनता पक्षातून फुटलेल्यांना चरणसिंग पंतप्रधान हवे होते. इंदिराजींच्या गटाकडे जायचं तर ज्या कारणासाठी वेगळे झालो तेच गिळायचं. २२ जुलैला यशवंतरावांनी राष्ट्रपतींना कळवलं की आपल्याला जमत नाही, पण आपला पक्ष आणि चरणसिंगांचा पक्ष मिळून सरकार होऊ शकेल.

इथे मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो होतो. टेरेसवर नाचणारा मी मला आठवलो. सरकार पाडणाऱ्यांची बेरीज आणि चालवणाऱ्यांची बेरीज वेगळी असते! पाडायला नाही म्हणणारे हात लागतात, ते वेगवेगळ्या कारणांनी वर झाले तरी चालतात. एकाला आमटी पातळ वाटते, दुसऱ्याला सेक्रेटरीचं तोंड आवडत नाही. चालवायला मात्र एकाच नावाला हो म्हणणारे हात लागतात. मी ४ हात मोजले होते आणि ते एकच बेरीज आहे असं धरून चाललो होतो.

मग राष्ट्रपतींनी मोरारजी आणि चरणसिंग दोघांकडून पाठिराख्यांच्या याद्या मागवल्या. आज बहुमत सभागृहातच सिद्ध करायचं हा दंडक आहे, १९९४ च्या बोम्मई निकालाने तो पक्का झाला. तेव्हा राष्ट्रपती भवनात याद्या तपासल्या गेल्या. चरणसिंगांकडे २६२ आणि मोरारजींकडे २३८ असा हिशोब निघाला. नीट बघा, २६२ सुद्धा निम्म्यापेक्षा कमीच. आणि त्यातला मोठा भाग इंदिरा काँग्रेसच्या बाहेरून दिलेल्या पाठिंब्याचा. २८ जुलैला चरणसिंग पंतप्रधान झाले, यशवंतराव उपपंतप्रधान आणि गृहमंत्री. ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत लोकसभेत विश्वासमत घ्यायचं ठरलं होतं.

२० ऑगस्टला ते घ्यायचं होतं. इंदिरा काँग्रेसने ऐन वेळी पाठिंबा काढला. चरणसिंगांनी सभागृहात न जाताच राजीनामा दिला आणि निवडणुकीचा सल्ला दिला. २३ दिवस झाले होते. लोकसभेला एकदाही सामोरे न गेलेले ते देशाचे एकमेव पंतप्रधान. २२ ऑगस्टला राष्ट्रपतींनी लोकसभा बरखास्त केली. जनता पक्षाचे जगजीवनराम आपल्याला संधी द्या म्हणत होते, ती मिळाली नाही. पुढचे जवळजवळ पाच महिने हेच सरकार काळजीवाहू म्हणून राहिलं. आमच्या मेसचे रेक्टर सरच म्हणा ना. फक्त इथे काळजीवाहूही तेच, ज्यांना बहुमत नव्हतं.

जानेवारी १९८० च्या निवडणुकीत इंदिराजी ३५३ जागा घेऊन परत आल्या. महाराष्ट्रात ४८ पैकी ३९ जागा त्यांच्या. यशवंतरावांच्या पक्षाला राज्यात मिळाली फक्त एक, आणि ती त्यांची स्वतःची, साताऱ्याची. तेव्हा आबा तिशीचे होते. त्यांनी त्यांनाच मत दिलं होतं. नंतर एकदा सुट्टीत गेल्यावर आबांनी मला सांगितलं की, त्या दिवशी जिंकल्याचा गुलालसुद्धा जड वाटला होता.

आणि खरी जखम पुढे होती. १९८१ ला यशवंतराव इंदिरा काँग्रेसमध्ये परत जायला निघाले. दार लगेच उघडलं नाही. ज्या माणसाने देशाची संरक्षण, गृह, अर्थ आणि परराष्ट्र ही चारही मोठी खाती सांभाळली, त्याला कित्येक महिने ताटकळत ठेवलं गेलं. शेवटी घेतलं, पण मंत्रिपद नाही. १९८२ ला आठव्या वित्त आयोगाचं अध्यक्षपद दिलं. आबांना राग आहे तो १९७९ चा नाही, या ताटकळण्याचा आहे. साहेबांनी जायलाच नको होतं असं त्यांना आजही वाटतं.

मला थोडं वेगळं वाटतं. यशवंतरावांना पक्षाच्या बाहेर राहून काम करणं जमत नव्हतं. काँग्रेस हेच त्यांचं घर होतं आणि घरात परत जायला माणूस कमीपणा घेतो. पण ते काहीही असो, वित्त आयोगाचं काम त्यांनी रुसून केलं नाही. केंद्राच्या करातला राज्यांचा वाटा ठरवायचा, हे कुणाला दिसत नाही असं किचकट काम. ते करत असतानाच १ जून १९८३ ला वेणुताई गेल्या. त्यांना मूलबाळ नव्हतं. एकटे पडलेले यशवंतराव आतून खचले. ‘कृष्णाकाठ’ हा आत्मचरित्राचा पहिला भाग १९८४ ला आला, पुढचे भाग राहून गेले. २५ नोव्हेंबर १९८४ ला दिल्लीत त्यांचं निधन झालं. कराडला कृष्णा-कोयनेच्या संगमावर त्यांची समाधी आहे. त्यांनी जमवलेली पुस्तकंही कराडातच, वेणुताईंच्या नावाच्या स्मारकात आहेत. मी लहानपणी तिथे फक्त गारव्याला जायचो, याची आता लाज वाटते.

त्यांच्यामागे देशाला बहुमत नसलेल्या लोकसभेची सवयच झाली. १९८९ ते २००९ या सातही निवडणुकांत एकट्या पक्षाला बहुमत मिळालं नाही. १९९९ च्या एप्रिलमध्ये वाजपेयींचं सरकार एका मताने पडलं, २६९ विरुद्ध २७०. पुढे काय झालं? पाडणाऱ्यांना नवं सरकार करता आलं नाही आणि देश पुन्हा निवडणुकीला गेला. १९७९ चीच गोष्ट, फक्त या वेळी मतं मोजली गेली. २०२४ लाही भाजपला ५४३ पैकी २४० जागा मिळाल्या आणि मित्रपक्षांना घेऊन सरकार झालं. बहुमत नसणं म्हणजे संकटच असं नाही. आधी बसून कागदावर ठरवलं तर अशी सरकारं पाच-पाच वर्षं चालतात.

जर्मनीने तर यावर १९४९ च्या राज्यघटनेतच तोडगा काढून ठेवलाय. तिथे नुसतं सरकार पाडता येत नाही. चॅन्सेलरला काढायचं असेल तर त्याच मतदानात नवा चॅन्सेलर निवडावा लागतो. १९८२ ला हेल्मुट श्मिट जाऊन हेल्मुट कोल आले ते याच पद्धतीने. आपल्या घटनेत अशी अट नाही. ती असती तर ११ जुलै १९७९ ला यशवंतरावांना ठरावाबरोबर एक नावही द्यावं लागलं असतं. कदाचित ठराव आलाच नसता. किंवा कदाचित आधी चार दिवस बसून खरी बेरीज झाली असती आणि देवराष्ट्र्याचा मुलगा पंतप्रधान झाला असता. कुणी सांगावं?

मग ठराव आणला ही त्यांची चूक होती का? मी बराच विचार केला. विरोधी पक्षनेत्याने प्रश्न विचारायचाच असतो, त्यात चूक नाही. पण उत्तर तयार नसताना विचारला, ही चूक म्हणावी लागेल. मात्र त्यांची एक गोष्ट माझ्यात नव्हती. जमत नाही हे कळल्यावर चौथ्या दिवशी त्यांनी तसं सरळ सांगून टाकलं. खुर्ची समोर असताना! मी मात्र सेक्रेटरी व्हायचंच म्हणून नऊ दिवस मेसला कुलूप लावून बसलो होतो.

नाशिकने त्यांची आठवण ठेवली आहे. १९८९ ला इथे मुक्त विद्यापीठ सुरू झालं ते त्यांच्याच नावाचं. आपल्या मेसमधल्या पोळ्या करणाऱ्या मावशी तिथून बी.ए. करतायत, हे किती जणांना माहीत आहे? रात्रीची भांडी आवरून झाली की कट्ट्यावर पुस्तक घेऊन बसतात. त्या नऊ दिवसांत त्यांचा पगार बुडला असता. रेक्टर सरांनी तो बुडू दिला नाही म्हणून बरं. सरकार पडल्यावर खरा उपाशी कोण राहतो, याचा विचार टेरेसवर नाचताना माझ्या डोक्यात आलाच नव्हता.

या टर्मच्या पहिल्या मीटिंगला मी एक नियम सुचवला. मेस सेक्रेटरीवर अविश्वास आणायचा असेल तर अर्जावर नव्या सेक्रेटरीचं नाव आणि ४ सह्या आधी हव्यात. रेक्टर सर हसले. फायनल इयरवाल्यांनी माझ्याकडे जरा संशयाने बघितलं. पण नियम पास झाला. ७ विरुद्ध ०.

आबांना फोन करून सांगितलं. ते म्हणाले, बरं झालं, बिनविरोध झालं. आणि या वेळी फोन ठेवला नाही. बराच वेळ साहेबांबद्दल बोलत राहिले.